वही कोर्टात जमा

नमस्कार श्रोतेहो.

कामावरून काढलेला माणूस केस जिंकून परत कामावर येतो. मग मधल्या वर्षांच्या पगाराचं काय? कोर्टाच्या आवारात त्याला बॅक वेजेस म्हणतात, आपण मागचा पगार म्हणू. परत कामावर घ्या असा हुकूम झाला, म्हणजे मागचा पगार आपोआप मिळतोच असं नाही. तो मागावा लागतो. पुन्हा सांगतो, मागावा लागतो.

२०१३ साली औरंगाबादच्या एका शिक्षिकेच्या खटल्यात सुप्रीम कोर्टानं हे स्पष्ट केलं. बेकायदा काढलं असेल, तर मागच्या पगारासकट परत घेणं हाच नेहमीचा नियम. मात्र आपण बेकार होतो, किंवा कमी पगारावर होतो, हे कामगारानं पहिल्याच कोर्टात सांगायचं. मग तो कमावत होता हे सिद्ध करणं मालकाच्या गळ्यात. मालकाची स्थिती नाजूक असेल तर कात्रीही लागते. हिंदुस्थान टिन वर्क्सच्या खटल्यात ७५ टक्केच मिळाले होते.

आता आमच्या अण्णांची गोष्ट. मी तेव्हा युनियनच्या ऑफिसात कागद सांभाळायचो. उलटतपासणीत मालकाच्या वकिलानं विचारलं, "आठ वर्षं नोकरी नव्हती म्हणता, मग खाल्लंत काय?"

अण्णा म्हणाले, "उधारीचं."

पुढच्या तारखेला त्यांचा किराणावाला साक्षीला आला, काखेत लाल कापडी पुठ्ठ्याची वही. वहीला गोडेतेलाचा वास. पहिल्या वर्षी तूरडाळ दोन किलो. तिसऱ्या वर्षी पाव किलो. पाचव्या वर्षी तूरडाळ गेली, मसूर आली. जजसाहेबांनी चष्मा काढून पानं उलटली आणि वहीवर निशाणीचा, म्हणजे पुराव्याचा, नंबर पडला. (हल्ली सगळं मोबाइलवर. टिंग वाजलं की संपलं. त्यात उधारी कुणाच्या अक्षरात राहणार? आणि तूरडाळीच्या भावावर मी सुरू झालो तर बातम्यांची वेळ होईल.)

अण्णा जिंकले. मालक हायकोर्टात गेला. पण औद्योगिक विवाद कायद्यात १७-ब कलम होतं. अण्णांनी बेकार असल्याचं प्रतिज्ञापत्र दिलं आणि अपील लोंबकळत होतं तोवर शेवटच्या पगाराइतकी रक्कम दरमहा घेतली. ते प्रतिज्ञापत्र मीच टाइप केलं, दोनदा, कारण पहिल्यावर चहा सांडला.

शेवटी चेक आला. वटला त्याच दिवशी अण्णा नोटा घेऊन दुकानात. "शेठ, बाकी सांगा."

शेठ म्हणाले, "कशी सांगू? वही तुमच्या कोर्टात!"

दुसऱ्या दिवशी आम्ही नकलेचा अर्ज टाकला. अण्णांची उधारी किती, हे कळायला पुढं तीन आठवडे लागले.