कवडीमोल म्हणजे किती मोल?

नमस्कार. बोलायला सुरुवात करण्याआधी ही माळ पहिल्या रांगेत देते, ती हातोहात मागेपर्यंत जाऊ द्या. आमच्या घरी तुळजाभवानीची परडी आहे, तिच्यातली ही माळ. मंगळवारी जोगव्याला निघताना आजी ती गळ्यात घालायची. एखादी कवडी उलटी करून बघा. पोटाकडे दातेरी फट दिसेल, आणि पाठीचा उंचवटा घासून ओवण्यासाठी भोक पाडलेलं दिसेल. पिवळसर पांढरी, कडेला किंचित गाठी असलेली ही जात. शास्त्रज्ञांनी तिचं नावच ‘मोनेटारिया मोनेटा’ ठेवलंय, म्हणजे पैशाची कवडी.

कोकणच्या किनाऱ्यावरही कवड्या सापडतात. पण जुन्या काळी ही जात आपल्या देशात गलबतं भरभरून यायची ती मालदीवहून. आज मला त्या बेटांबद्दल आणि त्यांच्या शेजारच्या मोठ्या भूमीबद्दल बोलायचंय.

आधी दगडाचं नातं सांगते, कारण ते मला फार मोलाचं वाटतं. तुमच्यापैकी अनेकांनी सिंहगड चढताना सह्याद्रीचा काळा दगड हाताने चाचपला असेल. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी पृथ्वीच्या पोटातल्या एका चुलीतून तो लाव्हा उसळला. ती चूल साधारण आपल्या जागीच राहिली आणि वरचा भारतीय भूखंड उत्तरेकडे सरकत गेला. त्यामुळे आधी दख्खन, मग लक्षद्वीप-मालदीवचा समुद्रातला कणा, पुढे मॉरिशस, आणि सगळ्यात शेवटी मॉरिशसजवळचं रेयुनियन बेट अशी रांग उमटत गेली. रेयुनियनचा ज्वालामुखी आजही जागा आहे. एकोणिसाव्या शतकात मॉरिशसच्या मळ्यांवर गेलेली आपली मराठी माणसं उसाच्या शेतातून जो काळा दगड वेचून ढीग रचत होती, तोही याच चुलीतला.

मालदीवचे ज्वालामुखी मात्र हळूहळू समुद्रात खचले. ते खचत गेले तसतसे वर प्रवाळांचे थर चढत गेले. आज तिथे मूळ दगड लागेपर्यंत दोन किलोमीटरहून जास्त खोल जावं लागतं. डोंगर दिसेनासा झाला आणि त्याच्या कडेने प्रवाळांचं कडं तेवढं उरलं. अशा कड्याला जगभर ‘अ‍ॅटॉल’ म्हणतात आणि तो शब्द मालदीवच्या दिवेही भाषेतला आहे. १,१९२ बेटं, उत्तर-दक्षिण पसारा आठशे किलोमीटरहून जास्त, आणि सगळी जमीन एकत्र केली तर ३०० चौरस किलोमीटर. म्हणजे आपल्या मुंबईच्या निम्मी. सगळ्यात उंच नैसर्गिक जागा अडीच मीटरसुद्धा नाही.

अशा भूमीवर नदी नसते, धातू नसतो, भातही पिकत नाही. गोडं पाणी म्हणजे वाळूत मुरलेला पाऊस. मग माणसं जगली कशावर? नारळ, मासळी आणि कवडी यांवर.

मोरोक्कोचा प्रवासी इब्न बतूता १३४३ च्या सुमारास तिथे पोचला आणि काही काळ काझी होता. गादीवर तेव्हा खदीजा नावाची राणी होती. तो लिहितो की कवड्या समुद्रातून काढून किनाऱ्यावर खड्ड्यांत पुरतात. आतला जीव कुजून गेला की पांढरं कवच उरतं. नारळाची सोडणंसुद्धा खड्ड्यात भिजवून, मोगरीने बडवून काथ्या काढतात, असंही त्याने टिपून ठेवलंय. कोकणातल्या कुणालाही हे वाचताना खाडीकाठचा तो उग्र वास आठवेल. त्याच काथ्याने तिथली गलबतं शिवली जात.

फ्रांस्वा पिरार या फ्रेंच खलाशाचं जहाज १६०२ साली मालदीवच्या खडकांवर फुटलं आणि तो जवळजवळ पाच वर्षं तिथे अडकून पडला. त्याने सांगितलेलं चित्र माझ्या डोळ्यांसमोरून हलत नाही. अमावास्या आणि पौर्णिमेच्या आधी तीन दिवस, नंतर तीन दिवस, बायका कमरेइतक्या पाण्यात उतरून कवड्या वेचायच्या. उधाणाच्या भरती-ओहोटीचं गणित त्यांना हाताच्या रेषांसारखं पाठ होतं. मग बारा-बारा हजार कवड्या मोजून झावळ्यांच्या टोपल्यांत भरायच्या. बारा हजारांचाच हा हिशेब बतूताने अडीचशे वर्षं आधी नोंदवला आहे. नुसत्या कवड्यांनी भरलेली तीस-चाळीस गलबतं एका वर्षात गेलेली पिरारने पाहिली, आणि तो म्हणतो, ती सगळी बंगालला गेली.

बंगालकडे भात होता, पण किरकोळ व्यवहाराला बारीक नाणं हवं होतं. मालदीवकडे असं नाणं समुद्रात वाढत होतं, आणि ते कुणाला खोटं पाडता येत नव्हतं. नैर्ऋत्य मोसमी वारा धरून गलबतं वर जायची, तांदूळ भरून ईशान्येच्या वाऱ्यावर परतायची. बंगालात चार कवड्यांचा गंडा, वीस गंड्यांचा पण, सोळा पणांचा काहण, आणि चार काहणांचा रुपया. गुणाकार करून बघा, ५,१२० कवड्या होतात. कंपनीच्या अमलात, अठराव्या शतकाच्या शेवटी, सिल्हेट जिल्ह्याचा सरकारी महसूल खरोखरच कवड्यांत गोळा व्हायचा आणि होड्या भरून ढाक्याला जायचा.

शेजार म्हटलं की नेहमी गोडीगुलाबीच असते असं नाही. पोर्तुगीजांनी १५५८ ते १५७३ मालेवर, म्हणजे मालदीवच्या राजधानीवर, कब्जा ठेवला. मुहम्मद ठाकुरुफानु याने तो मोडून काढला आणि मालदीवमध्ये तो आजही राष्ट्रवीर आहे. १६०७ साली खुद्द बंगालकडून आलेल्या जहाजांनी मालेवर हल्ला केला, राजा मारला गेला. त्याच धामधुमीत पिरार सुटला, चितगाव, कालिकत, कोचीन करत गोव्यात पोचला, आणि गोव्याच्या इस्पितळाचं त्याने केलेलं वर्णन आज आपल्याला मोठा ठेवा आहे.

आता ज्या गोष्टीसाठी मी हा विषय घेतला तिच्याकडे येते. बतूता सांगतो की मालदीवमध्ये एका सोन्याच्या दिनाराला चार लाख कवड्या मिळत, भाव पडला तर दहा लाखसुद्धा. पुढे तो सहारा ओलांडून पश्चिम आफ्रिकेतल्या माली राज्यात गेला. तिथे त्याने तीच कवडी पाहिली. भाव होता दिनाराला १,१५०. जवळजवळ साडेतीनशेपट! हा फरक पुढे युरोपीय व्यापाऱ्यांनी बरोबर हेरला. मालदीवच्या कवड्या जहाजाच्या तळाशी नीरम म्हणून, म्हणजे जहाज डोलू नये यासाठी घालायचं वजन म्हणून, ॲम्स्टरडॅम आणि लंडनला जायच्या, तिथे त्यांचा लिलाव व्हायचा आणि तिथून पश्चिम आफ्रिकेच्या किनाऱ्यावर. तिथल्या दाहोमी राज्याच्या बंदरात माणसं विकत घेताना किमतीचा मोठा हिस्सा या कवड्यांत चुकता होत असे. हो, माणसं. साखळदंडात अमेरिकेला नेलेली. आपण ‘कवडीमोल’ म्हणतो, ‘फुटकी कवडी’ म्हणतो, तेव्हा मला ती आठवतात. पौर्णिमेच्या ओहोटीत वेचणाऱ्या बाईला याची गंधवार्ताही नव्हती.

एकोणिसाव्या शतकात कवडीचं चलन बंगालात मोडलं, आफ्रिकेतही कोसळलं. मालदीवकडे विकायला उरली मासळी. कुप्पा, म्हणजे टूना मासा उकडून, धुरावून, उन्हात लाकडासारखा कडक वाळवायचा आणि कोलंबोला पाठवायचा. लक्षद्वीपच्या मिनिकॉय बेटावरही हाच मासा असाच करतात. मिनिकॉयची माणसं आपल्या बेटाला मलिकू म्हणतात, त्यांची बोली दिवेहीचीच बहीण. मालदीवचं उत्तर टोक तिथून सव्वाशे किलोमीटरवर, तर कोची चारशेवर. तरीही कण्णूरच्या अली राजांची सत्ता तिथे आली आणि त्यामुळे आज ते बेट भारतात आहे. मधली सागरी हद्द १९७६ च्या करारात ठरली. भाषा एक, हद्द मधोमध. माझ्या मते या समुद्राचा सगळा इतिहास त्या एका बेटावर उभं राहून शिकवता येईल.

डिसेंबर २०१४ मध्ये मालेतल्या खारं पाणी गोडं करणाऱ्या कारखान्याला आग लागली. लाखावर माणसं एका दिवसात पाण्याविना राहिली. भारतातून विमानांनी पिण्याचं पाणी गेलं, मागोमाग नौदलाची जहाजं. इब्न बतूता ज्याला ‘महल’ म्हणतो ते हेच माले. बंगालचा तांदूळ याच धक्क्याला उतरायचा.

माळ शेवटच्या रांगेपर्यंत पोचली का? तिथे ठेवा, मी येऊन घेते.