आरशाचा चेहरा

श्रोतेहो, नमस्कार. मूळच्या मूकपटाविषयी रेडिओवरून बोलायचं म्हणजे उफराटाच उद्योग, पण बघू या जमतंय का.

'मेशेस ऑफ द आफ्टरनून' हा १९४३ सालचा, जेमतेम १४ मिनिटांचा लघुपट. माया डेरेन आणि तिचा नवरा अलेक्झांडर हामिद यांनी तो लॉस एंजलिसमध्ये, म्हणजे हॉलिवूडच्या उशाशीच, १६ मिलिमीटरच्या फिल्मवर केला. स्टुडिओ नाही, पगारी नट नाहीत. घर त्यांचंच आणि कामं करणारीही तीच दोघं.

एक बाई दुपारची घरी येते, खुर्चीत टेकते आणि तिचा डोळा लागतो. स्वप्नात ती पुन्हा घराकडे येते. पुढे काळ्या झग्यातलं कुणीतरी हातात फूल घेऊन चाललंय. ही धावते, पण गाठता काही येत नाही. ती आकृती वळते, तर चेहऱ्याच्या जागी आरसा! आणि हा पाठलाग खिडकीतून पाहतंय कोण? हीच बाई. प्रत्येक फेरीला आणखी एक 'ती' घरात शिरते. शेवटी तिघी एकाच टेबलाभोवती बसतात, आणि तिसरीच्या तळहातावर किल्लीचा सुरा होतो.

सुरा घेऊन ती खुर्चीत झोपलेल्या स्वतःकडे निघते. एक पाऊल वाळूत, एक गवतात, एक फरसबंदीवर, शेवटचं घरातल्या गालिच्यावर. करामत एवढीच, की पाय उचलला एकीकडे आणि टेकवला दुसरीकडे. मधलं अंतर आपली नजर परस्पर सांधून टाकते. नवरा येऊन तिला उठवतो. सुटली, असं आपल्याला वाटतं न वाटतं तोच ती त्याच्या तोंडावर सुरा फेकते, आणि फुटतो तो आरसाच.

काहीजण इथे स्वप्नांचा अर्थ लावणाऱ्या फ्रॉइडची पोथी उघडतात. मला मात्र कॅमेऱ्यामागे कोण उभं आहे, हे जास्त महत्त्वाचं वाटतं. चित्रण मुख्यतः हामिदचं. म्हणजे ती स्वतःला पाहते ते नवऱ्याच्या नजरेतून. मग हे 'मी' नेमकं कुणाचं? श्रेय कुणाचं किती, यावर अभ्यासक अजून भांडतात. मला तर या दोघांची वाटणी करताच येत नाही.

लघुपटाला संगीत जोडलं गेलं १९५९ मध्ये, तैजी इतो यांचं. पाहणार असाल तर पहिल्यांदा आवाज बंद ठेवा. संगीत उत्तमच आहे, पण कुठे दचकायचं हे ते आधीच सांगून टाकतं.