आर्कादीचं कोठार

ग्रीसचं क्रीट बेट. रेथिम्नो शहरापासून वीस-पंचवीस किलोमीटर आत, डोंगरातल्या पठारावर आर्कादीचा मठ आहे. समोरचं चर्च १५८७ सालचं, व्हेनिसच्या अमलातलं. कोपऱ्यातली छप्पर उडालेली ही खोली म्हणजे मठाचं वाइनचं तळघर. १८६६मध्ये इथे बंदुकीची दारू साठवली होती.

क्रीटवर तेव्हा ऑटोमन सुलतानाची सत्ता. १८५६च्या फर्मानात ख्रिस्ती रयतेला समान हक्क मिळाले, पण कागदावर. करांचा जाच चालूच राहिला. गाऱ्हाणं सुलतानापर्यंत गेलं, तिथूनही नकार आला आणि बंड पेटलं. घोषणा होती, ‘ग्रीसशी एकी, नाहीतर मरण!’ रेथिम्नो भागाच्या क्रांतिसमितीचे प्रमुख होते इथलेच मठाधिपती, गाव्रिईल मारिनाकिस. त्यात नवल नाही. ऑटोमन राज्यात ख्रिस्ती रयतेच्या वतीनं बोलायचं ते चर्चनंच.

ग्रीसहून आलेले कर्नल पानोस कोरोनेओस यांनी मठ पाहून बजावलं, इथे लढू नका, टिकाव लागणार नाही. मठाधिपती हटले नाहीत. मग निदान बाहेरचे तबेले तरी पाडा, शत्रूला आडोसा होईल. तेही राहिलंच.

८ नोव्हेंबरला सुलतानाचा सेनापती मुस्तफा पाशा याची फौज आली, सुमारे १५ हजार सैनिक आणि ३० तोफा. आत साडेनऊशेच्या आसपास माणसं होती. त्यातली बहुतेक आजूबाजूच्या गावांतली बायकामुलं, आणि बंदूकवाले जेमतेम अडीचशे. पहिला दिवस दरवाजानं तग धरला. रात्री दोघे जण दोरावरून खाली उतरले आणि तुर्की वेशात वेढ्यातून निसटून मदत मागायला गेले. मदत मिळणार नव्हती. हा निरोप घेऊन परत त्याच वेढ्यात शिरायचं म्हणजे काय, याचा जरा विचार करा.

त्याच रात्री रेथिम्नोहून दोन अवजड तोफा आल्या. त्या कुठे मांडल्या? न पाडलेल्या तबेल्यांत.

दुसऱ्या दिवशी दरवाजा फुटला. भोजनगृहात अडकलेले ३६ जण तिथेच कापले गेले. जेवणाच्या टेबलांवर तलवारींचे घाव अजून दिसतात. बंदुकीच्या दारूच्या कोठारात बायकामुलं दाटीवाटीनं जमली होती. शत्रू दाराशी आला तेव्हा कोन्स्तान्तिनोस याम्बुदाकिस यांनी दारूला बत्ती दिली, असं मानलं जातं.

चर्चच्या शिकवणीत आत्महत्या पाप आहे. क्रीटचं चर्च मात्र या मृतांना हुतात्मे मानतं.

कोरोनेओस यांचा हिशेब चुकला नव्हता. मठ पडला आणि १८६९पर्यंत बंडही मोडलं. पण आर्कादीची बातमी युरोपभर गेली, फ्रेंच लेखक व्हिक्टर ह्यूगो यांनी क्रीटच्या बाजूनं लेखणी उचलली. १८९८मध्ये बेटाला स्वायत्तता मिळाली, आणि ग्रीसशी एकी झाली ती १९१३मध्ये.