अंबाझरीचं ऊन आणि साठ हजारांचं पाकीट

मंडळी, माझ्याकडे येणाऱ्यांचा ठरलेला प्रश्न असतो, "डॉक्टरसाहेब, रोज सकाळी सहाला अंबाझरी तलावाला चार फेऱ्या मारतो, तरी रक्तात माझं व्हिटॅमिन डी अवघं बारा कसं?" आता यात तुमचा दोष नाही, सूर्याचा आहे.

आपल्या कातडीत कोलेस्टेरॉलचा एक भाऊबंद असतो. त्यावर ठरावीक अतिनील किरणं पडली की डी बनू लागतं. मग यकृत आणि मूत्रपिंड त्याला कामाचं करतात, तेव्हा कुठे आतडी कॅल्शियम नीट शोषतात. ही किरणं तिरप्या उन्हात हवेतच अडतात. म्हणून कोवळं ऊन मनाला बरं, पण डीसाठी जवळपास फुकट. खिडकीच्या काचेतूनही ती येत नाहीत, त्यामुळे काचबंद बाल्कनीत पेपर वाचणाऱ्यांनीही फार खूश होऊ नये.

साधी खूण सांगतो. तुमची सावली तुमच्यापेक्षा आखूड हवी. नागपुरात मे अखेरीस भर दुपारी ती पायाखालीच गडप होते, पण तेव्हा आपण तोंडाला दुपट्टा गुंडाळून असतो नाहीतर कूलरसमोर. ते बरोबरच आहे, डीसाठी ऊन लागून घेऊ नका. डिसेंबरात दुपारी बाराच्या सुमारास सावली साधारण आपल्या उंचीइतकी असते. तेव्हा बाह्या वर करून गच्चीवर थोडा वेळ बसा. सावळ्या कातडीला गोऱ्यापेक्षा जास्त वेळ लागतो, एवढं लक्षात ठेवा.

आता पाकिटाकडे येऊ. मागे एक आजोबा आले. सारखी तहान, बद्धकोष्ठ, जेवणावरची वासनाच गेलेली. पिशवीतून त्यांनी डीची रिकामी पाकिटं काढून टेबलावर मांडली, साठ हजार युनिटची. आठवड्यातून एक घ्यायचं होतं, ते रोज घेत होते, दीड महिना! मोजा, सत्तावीस लाख युनिट. रक्तातलं कॅल्शियम चढलेलं. डी चरबीत साठतं, लघवीवाटे सहजी जात नाही, त्यामुळे औषध बंद करूनही उतरायला महिने लागतात.

रोजची गरज किती? मोठ्या माणसाला 600 युनिट, सत्तरीपुढे 800. खरोखर कमी असेल तर साठ हजारांचं पाकीट आठवड्याला एक, साधारण आठ आठवडे, जेवणानंतर. पुढचं डॉक्टर ठरवतील. मुडदूस झालेल्या पोराला, हाडं ठिसूळ झालेल्या बाईला, अंथरुणाला खिळलेल्या म्हाताऱ्याला याचा खरा उपयोग आहे. पण धडधाकट माणसानं ते टॉनिक म्हणून का घ्यावं? अमेरिकेत पंचवीस हजारांहून अधिक लोकांवर मोठी चाचणी झाली, व्हायटल नावाची. रोज 2000 युनिट, सुमारे पाच वर्षं. कॅन्सर, हृदयविकार कमी झाले नाहीत, हाडं मोडायचंही कमी झालं नाही.

मागून कुणी तरी विचारलं, दुधासोबत घेऊ का. घ्या ना, सायीचं असेल तर आणखी बरं. फक्त पाकिटावर वार लिहून ठेवा.