शेवटचं वाक्य कसं बांधतात

२२ जुलै १९०८ ची रात्र. मुंबई उच्च न्यायालयात ज्यूरीने सात विरुद्ध दोन अशा बहुमताने टिळकांना राजद्रोहाबद्दल दोषी ठरवलं होतं. शिक्षा सुनावण्याआधी न्यायमूर्ती दावर यांनी विचारलं, काही सांगायचं आहे का? टिळक या खटल्यात स्वतःच्या बचावासाठी आधीच एकवीस तासांहून अधिक बोलले होते. ते सगळं भाषण आज फक्त अभ्यासक वाचतात. शिक्षेपूर्वीचं हे दोन-तीन वाक्यांचं उत्तर मात्र १९५६ पासून त्याच न्यायालयात संगमरवरी फलकावर आहे.

उत्तर इंग्रजीत होतं. आशय असा: ज्यूरीचा निर्णय काहीही असो, मी निर्दोष आहे असंच माझं म्हणणं आहे. माणसांच्या आणि राष्ट्रांच्या भवितव्यावर याहून वरच्या शक्तीची सत्ता चालते, आणि मी मोकळा राहण्यापेक्षा मी सोसल्यानेच माझं कार्य वाढावं अशी कदाचित ईश्वरी इच्छा असेल.

यात नवा मुद्दा एकही नाही. कलम नाही, दयेची याचना नाही. आधी निकालाला नकार, मग न्यायासनाच्या वर एक न्यायासन, मग स्वतःच्या तोट्याचं कार्याच्या फायद्यात रूपांतर. तीन पायऱ्या आणि थांबणं. यावरून ‘थोडक्यात बोला’ एवढाच धडा घेणारे खूप भेटतात, पण तो अर्धवट आहे. समोरच्यांना सगळा तपशील ठाऊक होता म्हणून इतक्या कमी शब्दांत भागलं. आधीच्या भागाने काम केलेलं नसेल तर शेवट कितीही घोटून लिहा, तो टाळीचं वाक्य होतो, पुढे काही नाही.

आता बांधणीकडे येऊ. ज्ञानेश्वरीतल्या पसायदानाची शेवटची ओवी पाहा:

येथ म्हणे श्रीविश्वेशरावो । हा होईल दानपसावो । येणें वरें ज्ञानदेवो । सुखिया झाला ॥

रावो, पसावो, देवो. तीन चरण एकाच ध्वनीवर येऊन थांबतात, त्यामुळे कान चौथ्या वेळीही तोच ध्वनी धरून बसतो. चौथा चरण आखूड आहे आणि यमक मोडतो. ही ओवीची नेहमीचीच ठेवण आहे, प्रत्येक ओवी अशीच संपते. पण इथे त्या आखूड चरणात आधीच्या आठ ओव्यांच्या मागण्याचं फळ ठेवलंय. आणखी एक गंमत म्हणजे ग्रंथ इथे संपत नाही. पुढे शके १२१२ चा उल्लेख असलेली समाप्तीची ओवी येते. लोकांच्या मनात मात्र ग्रंथ पसायदानालाच संपतो.

गद्यातही शेवटाला आखूड होणारी ही ठेवण चालते. २५ नोव्हेंबर १९४९ च्या संविधान सभेतल्या भाषणाचा शेवट डॉ. आंबेडकरांनी असाच केला. संविधान टिकवायचं असेल तर काय करावं, हे सांगणारं सत्तरच्या आसपास इंग्रजी शब्दांचं एक वाक्य. त्यानंतर नऊ शब्दांचं: देशसेवेचा हाच एक मार्ग आहे. मग पाच शब्दांचं: याहून चांगला मला माहीत नाही. पायऱ्या उतरत जातात आणि शेवटी बोलणारा एकटा, आपल्या मर्यादेसह उभा राहतो. या भाषणातलं सर्वाधिक उद्धृत होणारं, विसंगतींनी भरलेल्या जीवनाबद्दलचं विधान शेवटी नाहीच, आधी येऊन गेलंय. म्हणजे सगळ्यांत झळाळणारं वाक्य शेवटासाठी राखून ठेवलं पाहिजे असं काही नाही.

तुकोबांचंही तसंच. ‘जे का रंजले गांजले’ ही ओळ सगळ्यांना पाठ असते, ती पहिली आहे. शेवट आहे: ‘तुका म्हणे सांगूं किती । तोचि भगवंताची मूर्ति’. आधी ‘तोचि साधु ओळखावा’ म्हटलं होतं, तोच ‘तोचि’ परत आला, पण साधूच्या जागी थेट भगवंत. शब्द जुना, पायरी वरची. आणि ‘तुका म्हणे’ ऐकताच कीर्तनातल्या श्रोत्याला कळतं की अभंग संपत आलाय. आपले वक्ते याच कामासाठी ‘शेवटी’, ‘जाता जाता’, ‘एवढंच सांगतो’ वापरतात, आणि पुढे दहा मिनिटं बोलतात. ‘शेवटी’ हा शब्द एकदाच उच्चारावा आणि त्यानंतर मिनिटभरात खाली बसावं.

मराठीची एक अडचण आहे. आपलं वाक्य क्रियापदावर संपतं आणि ते क्रियापद बहुधा ‘आहे’ असतं. ‘या विहिरीच्या संवर्धनाची जबाबदारी आपल्या सर्वांची आहे.’ वजन होतं ते विहिरीत आणि आपल्यात. ते मधे बुडालं, टोकाला उरलं ‘आहे’. हेच असं करता येतं: ‘ही विहीर आपण बुजवली. उपसायची आपणच.’ संवर्धन, जबाबदारी ही नामं गेली, त्यांच्या जागी क्रिया आल्या, आणि जोराचा शब्द टोकाला गेला. ‘स्वराज्य हा माझा जन्मसिद्ध हक्क आहे’ हे विधान आहे. घोषणा होते ती ‘मिळवणारच’ मधल्या ‘च’मुळे. हा ‘च’ शेवटच्या परिच्छेदात एकदाच खर्चावा. आधी दोनदा येऊन गेला की तिसऱ्याला जोर उरत नाही.

बोलण्याचा हिशेब सांगतो. सभेत संथपणे बोललं तर मिनिटाला शंभर-सव्वाशे शब्द होतात. वीस मिनिटांच्या भाषणात शेवटची चाळीस सेकंद, म्हणजे साधारण सत्तर-ऐंशी शब्द, पूर्ण लिहून पाठ करावेत. वेगळ्या कार्डावर, मोठ्या अक्षरात. बाकीचं टिपणांवर चालतं. मधला तीन-चार मिनिटांचा एक भाग आधीच खूण करून ठेवावा, जो गाळला तरी काही अडणार नाही. अध्यक्षांची चिठ्ठी आली की तो गाळायचा. नेमकं उलट होतं: वक्ता मधलं सगळं बोलतो आणि शेवट घाईत उरकतो.

शेवटच्या वाक्याआधी दोन सेकंद थांबून श्वास भरून घ्यावा. श्वास संपत आला की शेवटचं क्रियापद गिळलं जातं, आणि मराठीत क्रियापद गिळलं की होकार की नकार तेच कळत नाही. कागद गोळा करायला त्याच क्षणी मान वळली तर आवाज माइकच्या बाहेर जातो. ‘जय हिंद, जय महाराष्ट्र’ म्हणायचं असेल तर मधे पूर्ण श्वासाइतकं अंतर हवं, नाहीतर आपलं वाक्य घोषणेत विरून जातं.

शेराने शेवट करणं मला फारसं पटत नाही. शेर चांगला असेल तर लोक तोच घेऊन जातात, तुमचं भाषण तिथेच राहतं. घ्यायचाच असेल तर शेवटून तिसऱ्या-चौथ्या वाक्याला घ्यावा आणि समारोप स्वतःच्या शब्दांत करावा.

लेखासाठी एक सोपी चाचणी आहे. शेवटचं वाक्य हाताने झाका. लेख त्याच्या आधीच पुरा झालेला वाटला तर ते काढा. मग त्याच्या आधीचं झाका. बहुतेक लेख दोन वाक्यं आधीच संपलेले असतात. उरलेल्यात ‘काळाची गरज’ असते किंवा ‘विचार करायला हवा’ असतं. छापील बातमीत जागा कमी पडली की कात्री खालून लागते, म्हणून तिथे शेवटी मोलाचं काही ठेवू नये. अग्रलेखाची गोष्ट वेगळी, त्यात शेवट वाचला जातो.

भाषणानंतर प्रश्नोत्तरं असतील तर सगळा हिशेब बदलतो. लोक घरी नेतात ते शेवटच्या प्रश्नाचं उत्तर, आणि तो प्रश्न बऱ्याचदा भलताच असतो. म्हणून पाठ केलेला समारोप दोन भागांत तोडावा: मोठा भाग भाषणाच्या अखेरीस, दोन वाक्यं प्रश्नांनंतर. हे आयोजकांना आधी सांगून ठेवावं लागतं. नाहीतर सूत्रसंचालक शेवटच्या उत्तरानंतर थेट आभारप्रदर्शनाकडे वळतो.