बॉस हरत नाही? आधी गॅरेज उघडा | आर्मर्ड कोअर सिक्समध्ये मशीन कसं बांधायचं

[स्क्रीनवर: बाल्टियस मिसाइलचं मोठं कडं सोडतोय. आवाज बारीक.]

हा बाल्टियस. पहिल्या चॅप्टरचा शेवटचा बॉस. आणि मशीन म्हणजे या गेममध्ये तुम्ही स्वतः पार्ट जोडून बांधता आणि चालवता तो लढाऊ रोबो. आर्मर्ड कोअर सिक्स खेळणारे किती तरी जण इथे येऊन अडकतात आणि मग एकच गोष्ट करतात. तेच मशीन घेऊन परत जातात, परत मरतात, परत जातात. आज ना उद्या टायमिंग जमेल, ही आशा.

नमस्कार मंडळी. आज आपण हीच सवय मोडायची आहे. या गेममध्ये अडलात, की दोष बहुतेक वेळा बोटांचा नसतो, बिल्डचा असतो. आणि बिल्ड कुठे चुकलंय ते गॅरेजच्या स्क्रीनवर आकड्यांत लिहिलेलं असतं. ते आकडे वाचता आले पाहिजेत, एवढंच.

थोडक्यात ओळख. फ्रॉमसॉफ्टवेअरची ही मालिका १९९७ साली पहिल्या प्लेस्टेशनवर सुरू झाली. २०१३ च्या व्हर्डिक्ट डेनंतर दहा वर्षं नवा भाग नव्हता, आणि मग २५ ऑगस्ट २०२३ ला हा सहावा भाग आला. दिग्दर्शक मासारु यामामुरा. फ्रॉमसॉफ्टवेअरच्याच सेकिरो या गेमचे प्रमुख गेम डिझायनर तेच होते. हे मुद्दाम सांगतोय, कारण समोरच्याचा तोल मोडायचा आणि मग मारायचं, ही सेकिरोतली कल्पना इथे वेगळ्या रूपात पुन्हा भेटते. जुने भाग खेळलेल्यांनाही ती नवीन आहे.

[स्क्रीनवर: असेंब्ली मेनू]

आता गॅरेज. चार शस्त्रं: दोन हातांत, दोन खांद्यांवर. सांगाडा चार भागांचा: डोकं, कोअर म्हणजे धड, हात, पाय. आतमध्ये बूस्टर, नेम धरणारा एफसीएस आणि जनरेटर. शिवाय एक्स्पान्शनची एक जागा, ती पुढे उघडते.

बहुतेक जण शस्त्रांपासून सुरुवात करतात. तुम्ही पायांपासून करा. किती वजन पेलणार, हवेत किती वेळ राहणार, मोठी तोफ चालताना मारता येणार की उभं राहून, हे सगळं पाय ठरवतात. दोन पायांचं मशीन सगळ्यात सरळ. उलट्या गुडघ्यांचं उंच उडी मारतं. चार पायांचं हवेत तरंगत राहू शकतं. टँकला बूस्टर वेगळा बसवता येत नाही, तो पायांतच असतो. त्याबदल्यात वजन आणि चिलखत भरपूर.

यातली एक गोष्ट नीट बघा, कारण नवख्यांचे सगळ्यात जास्त जीव इथे जातात.

[स्क्रीनवर: दोन पायांचं मशीन ग्रेनेड कॅनन मारतं, जागीच थांबतं, समोरून मार बसतो. मग तोच शॉट टँकवरून.]

खांद्यावरचे ग्रेनेड कॅनन किंवा तसली जड तोफ. दोन पायांच्या आणि उलट्या गुडघ्यांच्या मशीनला ती मारताना थांबून पाय रोवावे लागतात. तेवढा क्षण तुम्ही उघडे. टँक तीच तोफ चालता चालता मारतो. चार पायांचं मशीन तरंगता तरंगता मारतं. म्हणजे तोफ तीच, डॅमेज तेच, पण एका पायांवर ती घातक आणि दुसऱ्या पायांवर तुमच्याच जिवावर उठणारी. गाइडमधलं बिल्ड अर्धवट उचललं, शस्त्रं त्याची आणि पाय आपले, की हे असं होतं.

आता एनर्जी. या गेममधला सगळ्यात कमी समजलेला आकडा हाच आहे, म्हणून इथे जरा थांबू.

प्रत्येक पार्टला काही एनर्जी लागते, त्याची बेरीज म्हणजे ईएन लोड. जनरेटर देतो ते ईएन आउटपुट. लोड जास्त झाला तर गेम तुम्हाला मिशनला सोडतच नाही. त्यामुळे सगळे बघतात ते एवढंच, की लाल अक्षरं गेली का. गेली, चला.

पण खरी गोष्ट उरलेल्या एनर्जीत आहे. आउटपुटमधून लोड वजा करून जे उरतं, त्यावर तुमचा ईएन बार किती भरभर भरणार हे ठरतं. समजा आउटपुट ३३०० आहे आणि लोड ३२५०. मिशनला जाता येईल. पण उरले फक्त ५०, म्हणून बार रांगत रांगत भरेल. तुम्ही दोनदा क्विक बूस्ट, म्हणजे मार चुकवायची झटक्याची उसळी, माराल, बार संपेल, आणि तिसऱ्या मिसाइलच्या वेळी मशीन हलणार नाही. तुम्हाला वाटेल, आपण उशिरा बटण दाबलं. नाही, बटण वेळेवर दाबलं होतं. एनर्जीच नव्हती.

उपाय सोपे आहेत. एक तर एनर्जी खाणारं एखादं शस्त्र काढा, लेझर आणि प्लाझ्माची शस्त्रं यात पुढे असतात. किंवा कोअर बदला. हे फार जणांच्या लक्षात येत नाही: कोअरवर जनरेटर आउटपुट अॅडजस्टमेंट नावाचा आकडा असतो, आणि जनरेटरच्या आउटपुटला त्यानं गुणलं जातं. जनरेटर ३००० चा आणि कोअरचा आकडा ११० असेल तर हातात ३३०० येतात. तोच जनरेटर दुसऱ्या कोअरमध्ये कमी देईल. म्हणून जनरेटर एकटा बघून निवडू नका.

जनरेटरवर अजून दोन गोष्टी वाचा. क्षमता, म्हणजे बार किती लांब. आणि बूस्ट थांबवल्यावर बार भरायला सुरुवात किती वेळानं होते. बार पूर्ण रिकामा केला तर हा थांबा लांबतो, म्हणून थोडी एनर्जी राखून जमिनीवर यायची सवय लावा. जमिनीवरून बूस्टनं सरकायला एनर्जी लागत नाही. वर चढणं, क्विक बूस्ट आणि असॉल्ट बूस्ट, म्हणजे शत्रूकडे सुसाट झेप, यांना लागते. पुढे कोरल जनरेटर मिळतात, त्यांचं गणित उलटं आहे: ते मुद्दाम पूर्ण रिकामे करून वापरायचे असतात. पहिल्यांदा खेळताना त्यांच्या नादी लागू नका.

वजनाचं लवकर उरकतो. पायांची लोड लिमिट ओलांडली तर मिशनला जाता येतं, पण मशीन जड होतं. हातांची लिमिट वेगळी असते, ती ओलांडली तर नेम बिघडतो. आणि बूस्टरवर क्विक बूस्टसाठी एक आदर्श वजन दिलेलं असतं. मशीन त्याहून जड झालं की दोन क्विक बूस्टमधलं अंतर वाढतं. लिमिटमध्ये असूनही मशीन मंद वाटत असेल, तर हा आकडा बघा.

[स्क्रीनवर: बॉसच्या एपी बारखालचा एसीएस बार भरतो, चमकतो, स्टॅगर]

आता स्टॅगर. शत्रूच्या एपी बारखाली, म्हणजे त्याचा उरलेला जीव दाखवणाऱ्या बारखाली, एक दुसरा बार असतो, तोच एसीएस. तुमच्या माऱ्यानं तो भरत जातो. पूर्ण भरला की शत्रू काही क्षण लुळा पडतो, हाच स्टॅगर, आणि त्या क्षणांत बसलेला प्रत्येक घाव डायरेक्ट हिट असतो, म्हणजे डॅमेज नेहमीपेक्षा कितीतरी जास्त. किती जास्त, ते शस्त्रावर अवलंबून. प्रत्येक शस्त्राच्या माहितीत डायरेक्ट हिट अॅडजस्टमेंटचा आकडा दिलेला आहे.

म्हणून शस्त्रांची दोन कामं वाटून घ्या. काही शस्त्रं बार भरणारी, काही शस्त्रं घाव घालणारी. शॉटगन, मिसाइल, बझूका बार छान भरतात. घाव घालायला पल्स ब्लेड, जो तुम्हाला सुरुवातीलाच डाव्या हातात मिळतो. तो कमी लेखू नका, पहिला चॅप्टर त्याच्यावर आरामात निघतो. नंतर अॅशमीड नावाचा पाइल बंकर घ्या आणि चार्ज करून मारा. स्टॅगरमध्ये तो नीट बसला की बॉसच्या बारचा मोठा लचका जातो.

चूक कुठे होते? सगळी बटणं एकदम दाबण्यात. चारही शस्त्रं एका वेळी सुटतात, बार भरतो, बॉस लुळा पडतो, आणि तेव्हा तुमची मोठी तोफ रीलोड होत असते. लुळ्या बॉसवर तुम्ही रायफलच्या किरकोळ गोळ्या झाडता आणि तो उठतो. बार तीन चतुर्थांशाच्या पुढे गेला की जड शस्त्र हातचं राखा. शेवटचा धक्का हलक्या शस्त्रानं द्या, मग जड शस्त्र.

दुसरी चूक म्हणजे लांब राहणं. मारा थांबला की बार उतरायला लागतो. तुम्ही मागे सरून रिपेअर किट वापरेपर्यंत केलेली मेहनत निम्मी वाया गेलेली असते. शिवाय प्रत्येक बंदुकीला इफेक्टिव्ह रेंज असते. त्यापलीकडून मारलेल्या गोळ्या चिलखतावरून उडून जातात, ठिणग्या दिसतात, डॅमेज नगण्य. स्क्रीनवर रिकोशे दिसला, की पुढे व्हा.

इथेच एफसीएसचा संबंध येतो. हा छोटासा पार्ट तुमचा नेम धरतो आणि तीन अंतरांसाठी तीन वेगळे आकडे देतो: १३० मीटरच्या आत, १३० ते २६०, आणि २६० च्या पुढे. शॉटगन घेऊन फिरताय आणि एफसीएस लांबच्या नेमाचा, तर गोळ्या बाजूनं जाणारच. हातांतली शस्त्रं बदलली की एफसीएसही बघायचा, हे पक्कं लक्षात ठेवा.

हाच बार तुम्हालाही आहे. एपी भरपूर असताना अचानक मेलात, तर बहुतेकदा स्टॅगर होऊन मेलात. पाय, कोअर आणि डोक्याच्या माहितीत अॅटिट्यूड स्टॅबिलिटी दिलेली असते. तिची बेरीज वाढवली की तुमचा बार उशिरा भरतो. माझं मत विचाराल तर पहिल्यांदा खेळताना थोडा वेग सोडा, पण स्टॅबिलिटी घ्या.

[स्क्रीनवर: बाल्टियसची लढत, पहिल्या सेकंदापासून]

हे सगळं घेऊन बाल्टियसकडे येऊ. सप्टेंबर २०२३ च्या पॅचनं त्याचा मारा थोडा सौम्य केला, तरी ढाल तीच आहे. त्याच्याभोवती पल्स शील्ड असतं आणि ते असेपर्यंत साध्या गोळ्या शील्डवरच खर्ची पडतात. म्हणून डाव्या हातात पल्स गन घ्या, दुकानातली एचआय-१६. शील्ड झटपट उतरवायला तिच्यासारखं दुसरं काही या टप्प्यावर नाही. उजव्या हातात शॉटगन. एका खांद्यावर मिसाइल, दुसऱ्यावर बझूका किंवा ग्रेनेड.

सुरुवातीलाच तो मिसाइलचं कडं सोडतो. मागे पळू नका, मिसाइल तुम्हाला गाठतात. असॉल्ट बूस्टनं त्याच्याच दिशेनं घुसा आणि शेवटच्या क्षणी बाजूला क्विक बूस्ट. मिसाइल मागून निघून जातात आणि तुम्ही शॉटगनच्या टप्प्यात पोचलेले असता. आता पल्स गन. ही तापते, म्हणून बटण सतत दाबून ठेवू नका. ओव्हरहीट झाली तर नेमकी हवी तेव्हा बंद. ताप लाल व्हायच्या आधी सोडा, पुन्हा धरा. शील्ड फुटलं की पल्स गन थांबवा. आता शॉटगन आणि मिसाइल, बार भरेपर्यंत. स्टॅगर झाला की बझूका.

थोड्या वेळानं शील्ड परत येतं. हेच पुन्हा करायचं, घाई न करता. दुसऱ्या टप्प्यात तो ज्वाळांचे रुंद फटके मारतो. ते आडवे येतात, म्हणून बाजूला न जाता वर उडा, आणि त्यासाठी ईएन बार अर्धा तरी भरलेला ठेवा. त्याच्या अंगाभोवती प्रकाश गोळा होताना दिसला की स्फोट येतोय, लगेच मागे.

तरीही जमत नसेल तर एरिना खेळा. तिथल्या लढती जिंकून ओएसटी चिप मिळतात, त्यातून ओएस ट्यूनिंग होतं, म्हणजे मशीनला नव्या क्षमता मिळतात. सुरुवातीच्या चिप मी असॉल्ट आर्मरवर घालेन: जवळ जाऊन केलेला हा स्फोट शत्रूचा बार एका झटक्यात वर नेतो. मग वेपन बे, म्हणजे हातातलं शस्त्र खांद्यावर नेता येतं. पल्स गन आणि पल्स ब्लेड दोन्ही सोबत.

पैशांची काळजी करू नका. पार्ट ज्या किमतीला घेतला त्याच किमतीला विकला जातो, त्यामुळे प्रयोग करून बघण्यात काही जात नाही. नवीन बिल्ड झालं की असेंब्लीतूनच टेस्टला जा, दोन मिनिटं उडा, ईएन बार किती वेळात भरतो ते बघा.

एक मात्र सांभाळा. मिशनमध्ये मेलात की चेकपॉइंटवरून परत सुरू करताना मशीन बदलता येतं, पण तिथे दुकान नसतं. जे पार्ट तुमच्याकडे आहेत तेवढेच. म्हणून बॉसच्या मिशनला निघण्याआधी पल्स गन, एक शॉटगन, एक बझूका, जास्तीचा एक जनरेटर आणि जवळच्या नेमाचा एफसीएस विकत घेऊन ठेवा.