मोटेच्या चाकाला तेल घालू नये

अध्यक्षमहाराज आणि मित्रहो,

दारावरची 'धुक्यातल्या बेटांवर कानाने वाट काढण्याची तीन उपकरणे' ही पाटी वाचून एका गृहस्थांनी मला आत्ताच विचारले, की खान्देशात समुद्र कुठून आणलात? प्रश्न रास्त आहे. गेली काही वर्षे मी ज्या द्वीपसमूहाची कल्पना रचत बसलो आहे, तो कोणत्याही नकाशावर नाही. त्याला मी 'कानवे' असे नाव दिले आहे. ते आमच्याकडच्या कानबाई देवीवरून सुचले असावे असे घरच्यांना वाटते आणि श्रावणात रोट खाताना मी त्यांचा गैरसमज दूर करत नाही. नावाचा संबंध मात्र केवळ कानाशी आहे. या बेटांभोवतीच्या थंड प्रवाहावरून उबदार, दमट वारे वाहतात, त्यामुळे न्यूफाउंडलँडच्या किनाऱ्याबाहेर असते तसे दाट धुके तिथे वर्षातील बराच काळ असते. 1976 मध्ये मायक्रोनेशियाच्या माऊ पियाइलुग यांनी 'होकुलेआ' ही नौका कोणत्याही उपकरणाविना हवाईहून ताहितीला नेली, ती तारे आणि लाटांची दिशा ओळखून. माझ्या बेटांवर तारे क्वचितच दिसतात, म्हणून तेथील माणसे ऐकत ऐकत घरी येतात.

ही कल्पना मला समुद्राने दिलेली नाही, तापीने दिली. पांझरा जिथे तापीला मिळते त्या मुडावदच्या बाजूला, माझ्या लहानपणी आम्ही नावेने नदी ओलांडत असू. पौषातल्या एका पहाटे असे धुके पडले होते, की समोर बसलेल्या आजोबांचा लाल फेटा तेवढा दिसत होता, आजोबा दिसत नव्हते. नावाड्याने सर्वांना गप्प बसवले, वल्हे पाण्याबाहेर काढून आडवे धरले आणि मान एका बाजूला कलवली. पैलतीरावरच्या मळ्यात मोट चालत असे. तिचे चाक कण्यावर असे करकरे, की बैल धावेवरून उतरू लागले म्हणजे आवाज चढे आणि मोट थारोळ्यात रिकामी झाली म्हणजे थांबे. तो आवाज नाकासमोर धरला की नाव नेमकी उतारावर लागे. हिवाळ्यातील पहाटे पाण्यालगतची हवा गार आणि वरची त्या मानाने उबदार असते, त्यामुळे आवाज वर निघून न जाता खाली वळतो आणि लांबवर पोचतो. नावाड्याला हे कारण ठाऊक नव्हते, करकर ठाऊक होती. त्या दिवशी ती आलीच नाही. आम्ही बराच वेळ वाहत गेलो आणि शेवटी गाळात रुतलो. नावाडी चिखलाच्या पायांनी तसाच तरातरा विहिरीवर गेला आणि ओरडला, "चाकले तेल कोनी टाकं रे भो?" मळेवाल्याने आदल्याच संध्याकाळी वाटीभर तेल घातले होते. स्वतःच्या चाकाला स्वतःचे तेल घातल्याबद्दल बिचाऱ्याने शिव्या खाल्ल्या. हा प्रसंग मी साठ वर्षे सांगत आलो आहे. घरी आता कोणी ऐकत नाही, म्हणून आपल्याकडे आलो.

माझा सगळा सिद्धान्त त्या वाटीभर तेलात आहे. एखादा आवाज खूण ठरला, की तो बदलू न देणे ही साऱ्या गावाची गरज होते. परंतु नुसते 'आवाज बदलू नका' म्हणून नातवंडे ऐकत नाहीत, 'तेल घातले तर देवी कोपते' म्हटले की ऐकतात. कानव्यांत प्रत्येक धक्क्यावर असे एक चाक आहे. त्याला वर्षातून एकदाच, साऱ्या नावा किनाऱ्यावर ओढून घेतल्यावर तेल मिळते आणि त्याचा जुना स्वर परत लागेपर्यंत कोणी समुद्रात जात नाही.

कार्यवाहांची चिठ्ठी आली आहे, पाच मिनिटे उरली. जाहीर केलेली तिन्ही उपकरणे अजून पिशवीतच आहेत, तेव्हा घाई करतो. धुके आवाज गिळते, अशी शंका कोणी काढण्याआधी सांगतो, की भौतिकशास्त्रज्ञ जॉन टिंडल यांनी 1873 मध्ये इंग्लंडच्या साउथ फोरलँड येथे प्रयोग केले, तेव्हा धुके आवाजाला फारसे अडवत नाही आणि स्वच्छ दिवशीही तो वाटेत हरवू शकतो, असे आढळले.

पहिले उपकरण म्हणजे एकमेकांवर आपटायच्या दोन फळ्या. आवाज सेकंदाला सुमारे 340 मीटर जातो, म्हणून प्रतिध्वनी एका सेकंदाने आला तर कडा 170 मीटरांवर. उत्तर अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर आगबोटींचे कप्तान शिट्टी वाजवून हेच करत असत. कानव्यांत घड्याळ नाही, स्तोत्र आहे. कितव्या अक्षराला कडा बोलला यावरून अंतर कळते, म्हणून स्तोत्र भरभर म्हणणे हा तिथे गुन्हा आहे.

दुसरे, दोरीला बांधून डोक्याभोवती गरगरा फिरवायची चपटी लाकडी पट्टी. ऑस्ट्रेलियातील आदिवासींच्या दीक्षाविधींत ती आहे, प्राचीन ग्रीकांच्या गुप्त उपासनांतही होती. तिच्या घुमण्याविषयी बोलण्यासारखे पुष्कळ होते, ते राहिले.

तिसरे, बंदराच्या तोंडाशी दोन्ही बाजूंना दोन शंख. ते एकाच क्षणी फुंकले आणि नावेवर एकदमच ऐकू आले, तर नाव मधोमध आहे. डावा आधी आला, तर ती डावीकडे सरकली आहे. मात्र फुंकणाऱ्या दोघी एकमेकींचा शंख ऐकून फुंकू लागल्या, तर 170 मीटर रुंदीच्या तोंडाशी दुसरीला अर्धा सेकंद उशीर होणार आणि नाव खडकावर जाणार. म्हणून दोघींच्या मनगटांना एकच ताणलेला दोर बांधलेला असतो, आणि तो बांधण्याचा सोहळा लग्नाहून मोठा असतो. चौथे उपकरण बेटावरचे कुत्रे आहेत. पण अध्यक्ष उभे राहिले आहेत, तेव्हा कुत्र्यांचे चहाच्या वेळी सांगतो.